तात्या, पक्षाला चेअरमन असतो काय?

मागच्या अंकात एका उत्तरात मी सहज लिहून गेलो की पक्षाचा अध्यक्ष म्हणजे काही पक्षाचा मालक नव्हे, आणि झालं, त्या एका ओळीवर एवढी पत्रं नि व्हॉट्सअॅप आले की संपादक म्हणाले तात्या, या वेळी सगळा कॉलम त्यावरच करून टाका. तर करतो. नवीन वाचकांसाठी सांगतो, मी कोल्हापुरात एका पक्षाच्या जिल्हा कार्यालयात २६ वर्षं कार्यालयीन चिटणीस होतो, म्हणजे लेटरहेड छापून आणायची, मीटिंगचे निरोप द्यायचे, ठराव लिहायचे आणि शेवटी चहाचं बिल मिटवायचं. पक्ष कुठला ते विचारू नका, आता उतारवयात सगळ्यांच्यात ऊठबस आहे.

आमच्या नोट्समध्ये ‘पार्टी चेअरमन’ असा शब्द येतो. घरी बाबांना विचारलं तर म्हणाले चेअरमन कारखान्याचा असतो, पक्षाचा कुठला? मग चेअरमन आणि अध्यक्ष एकच का?
— एम.ए. राज्यशास्त्र, शिवाजी विद्यापीठ

पोरी, बाबांचं कोल्हापूरपुरतं शंभर टक्के बरोबर आहे. आपल्याकडे “चेअरमन आले” असं कुणी म्हटलं की माणूस उठून उभा राहतो आणि मनात म्हणतो, कुठले? साखर कारखान्याचे, गोकुळ दूध संघाचे, जिल्हा बँकेचे का गावच्या विकास सोसायटीचे. आमच्या गल्लीत एक माजी चेअरमन आहेत, त्यांची सोसायटी बंद पडून १५ वर्षं झाली तरी सगळे त्यांना चेअरमनच म्हणतात, घरात त्यांची बायकोसुद्धा “चेअरमन, जेवायला बसा” म्हणते. पक्षाच्या माणसाला मात्र आपण अध्यक्ष म्हणतो, जिल्हाध्यक्ष, शहराध्यक्ष, तालुकाध्यक्ष. चेअरमन म्हणत नाही, कारण चेअरमनच्या हातात काटा, दर आणि नोकरभरती असते आणि अध्यक्षाच्या हातात... ते पुढं येईलच.

कागदावरचा फरक असा की कारखान्याचा चेअरमन कायद्यानं बनतो. १९६० चा सहकारी संस्था कायदा आहे, सभासद संचालक निवडणार, संचालक चेअरमन निवडणार, मनात बसला नाही तर अविश्वास ठराव आणणार, त्याचीही रीत कायद्यात लिहिलेली. पक्षाच्या अध्यक्षाबद्दल असं काही नाही. तो पक्षाच्या स्वतःच्या घटनेनं बनतो आणि ती घटना पक्षच लिहितो, पक्षच बदलतो. पक्षांची नोंदणी होते ती लोकप्रतिनिधी कायद्याच्या कलम २९अ खाली, आणि गंमत म्हणजे तिथं अर्जावर पक्षाच्या ‘मुख्य कार्यकारी अधिकाऱ्या’ची सही मागितलीय, त्याला सेक्रेटरी म्हणा का आणखी काही म्हणा असं कायदाच म्हणतो. म्हणजे अध्यक्ष हे पद असलंच पाहिजे अशी काही सक्ती नाही.

आता तुझ्या नोट्समधला चेअरमन. तो बहुतेक इंग्लंड-अमेरिकेतला असणार. इंग्लंडात कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षात नेता वेगळा नि चेअरमन वेगळा, आणि चेअरमनला नेताच नेमतो. नेत्यानं पंतप्रधान व्हायचं, चेअरमननं ऑफिस, पैसे, प्रचार नि कार्यकर्ते सांभाळायचे. १९९२ ला ख्रिस पॅटन त्या पक्षाचे चेअरमन होते, त्यांनी निवडणूक चालवली, पक्ष जिंकला, जॉन मेजर पंतप्रधान राहिले, आणि पॅटन साहेब स्वतः बाथच्या जागेवर पडले. लग्नातल्या आचाऱ्यासारखं, सगळी पंगत जेवली नि हा उपाशी. अमेरिकेतही तसंच, देशाचा अध्यक्ष वेगळा, पक्षाचा चेअरमन वेगळा, मराठीत दोघांनाही अध्यक्षच म्हणतात म्हणून घोळ होतो. वॉटरगेटच्या भानगडीत निक्सन अडकले तेव्हा रिपब्लिकन पक्षाचे चेअरमन होते थोरले जॉर्ज बुश. दीड वर्ष निक्सनची बाजू सांगत फिरले आणि ऑगस्ट १९७४ मध्ये त्यांनीच पत्र लिहून सांगितलं की आता राजीनामा द्या. चीनमध्ये उलटं, तिथं माओ चेअरमन म्हणजे सगळंच, पण १९८२ ला त्यांनी ते पदच काढून टाकलं, आता सगळी सत्ता सरचिटणीसाकडं.

आपल्याकडं हा शब्द अगदीच नाही असं नाही. ममता बॅनर्जी तृणमूलच्या चेअरपर्सन. काँग्रेसमध्ये खर्गे पक्षाचे अध्यक्ष आणि सोनिया गांधी संसदीय पक्षाच्या चेअरपर्सन, म्हणजे लोकसभा-राज्यसभेतल्या खासदारांच्या पक्षाच्या. पेपरवाले दोन्हीला अध्यक्ष लिहितात. परीक्षेत तू वेगळं लिही, एक मार्क जास्त मिळेल.

ह्यांना गेल्या महिन्यात तालुकाध्यक्ष केलं. बोर्ड लागले, फटाके लागले, गुलाल झाला. पण तात्या खरं सांगा, ह्या पदाला पगार असतो का? निदान डिझेल?
— एक गृहिणी, करवीर तालुका

वहिनी, नाही. पगार नाही, भत्ता नाही, डिझेल तर नाहीच नाही. ते जे बोर्ड लागले ते कुणाच्या पैशानं लागले ते एकदा घरात विचारा, मला अंदाज आहे पण मी तुमच्यात भांडण लावत नाही.

वरच्या पातळीवर काही पक्ष पूर्णवेळ माणसांना मानधन देतात, पण तालुक्याला अध्यक्ष म्हणजे घरचं खाऊन. सकाळी सातला फोन सुरू. कुणाचं संजय गांधी निराधारचं प्रकरण अडकलंय, कुणाच्या पोराला सरकारी दवाखान्यात, सीपीआरला अॅडमिट केलंय, कुणाच्या शेतातल्या डीपीचा फ्यूज उडालाय, आणि वर्षातनं चाळीस लग्नं, साठ बारसी, मयती वेगळ्या. रक्षाविसर्जन चुकलं तर पुढच्या निवडणुकीत ते घर गेलं म्हणून समजा. आमच्या एका तालुकाध्यक्षानं डायरी केली होती, एका पानावर लग्न नि समोरच्या पानावर मयत, आणि एकदा घाईत पान उलटं लागलं नि साहेब फेटा बांधून मयतीच्या दारात. तो अजून त्या गावातनं गाडी काचा लावून नेतो.

मग लोक हे पद का घेतात? घेतात कारण शासकीय समित्यांवर तालुक्यातनं कुणाची नावं पाठवायची, सभेत स्टेजवर कोण बसणार, साहेब आले की गाडीत पुढच्या सीटवर कोण, झेडपीचं तिकीट मागायला आलेल्याला आधी कुणाच्या दारात यावं लागतं, ह्या सगळ्याला ह्यांची शिफारस लागते. शिफारस म्हणतोय मी, निर्णय नव्हे. निर्णय बहुतेक वेळा दुसरीकडंच झालेला असतो. तरी वहिनी, हौस असू दे, फक्त एक करा, खर्चाची वही तुमच्याकडं ठेवा.

नगरपालिकेला मी इच्छुक होतो. जिल्हाध्यक्षांनी माझ्यासमोर सांगितलं तिकीट तुझंच, आणि शेवटच्या दिवशी एबी फॉर्म दुसऱ्याच्याच हातात. अध्यक्षाच्या शब्दाला काही किंमत आहे की नाही?
— एक नाराज इच्छुक

भावा, शब्दाला किंमत माणसावर अवलंबून, सहीला किंमत कायद्यानं. आणि ही जी सही आहे ना तीच अध्यक्षाची खरी ताकद, बाकी हार-तुरे सगळं वरचं.

एबी फॉर्म म्हणजे दोन कागद. ए फॉर्मवर पक्ष निवडणूक अधिकाऱ्याला कळवतो की आमच्या वतीनं उमेदवार ठरवायचा अधिकार अमुक माणसाला आहे, त्याच्या नमुना सह्या ह्या अशा. बी फॉर्मवर तो अमुक माणूस लिहून देतो की आमचा उमेदवार हा, आणि ह्याचा अर्ज उडाला तर पर्यायी हा. दोन्ही मूळ कागद, शाईनं सही केलेले, अर्ज भरायच्या शेवटच्या दिवशी दुपारी तीनच्या आत पोचायला पाहिजेत. झेरॉक्स चालत नाही, फॅक्स चालत नाही, सहीचा रबरी शिक्का चालत नाही. आता त्या ए फॉर्मवर जिल्हाध्यक्षाचं नाव असेलच असं नाही! विधानसभेला बहुतेक पक्षात तो अधिकार प्रदेशाकडं असतो, नगरपालिकेला कधी जिल्हाध्यक्षाकडं, कधी निरीक्षकाकडं, कधी आमदाराच्या माणसाकडं. तू ज्याच्याकडनं शब्द घेतलास त्याचं नाव ए फॉर्मवर होतं का हे तू विचारलंस? नसशील विचारलं.

शिक्का चालत नाही हे मी कसं शिकलो ते सांगतो. पंचवीसेक वर्षांपूर्वीची गोष्ट, एका नगरपालिकेची निवडणूक, अधिकार आमच्या जिल्हाध्यक्षांना होता. साहेबांना दिवसाला शंभर पत्रांवर सही करायला लागायची म्हणून मीच त्यांच्या सहीचा शिक्का करून आणला होता, हुबेहूब, अगदी शेवटचा फाटा सुद्धा. शेवटच्या दिवशी साहेब भाच्याच्या लग्नाला गेलेले, तीन बी फॉर्म राहिलेले, मी शहाणपणा केला आणि शिक्का मारून घेऊन गेलो. निवडणूक अधिकाऱ्यानं कागद उजेडाकडं धरला, अंगठा फिरवला, आणि शांतपणे म्हणाला, ही सही नाही. घड्याळात दोन वाजून पाच मिनिटं. एम-ऐटीवर मंगल कार्यालय गाठलं, साहेब अक्षता टाकायला उभे, भटजींचं “शुभमंगल सावधान” चाललंय आणि मी मागनं कोट ओढतोय. साहेबांनी उजव्या हातातल्या अक्षता डाव्या हातात घेतल्या, माझ्या पाठीवर फॉर्म ठेवला आणि सह्या ठोकल्या. एका फॉर्मवर तांदळाचा दाणा चिकटून हळदीचा डाग पडला तो तसाच दाखल झाला. तीनला सात मिनिटं कमी असताना. त्या हळदीच्या फॉर्मवाला निवडून आला, बाकीचे दोघं पडले, आणि साहेब पुढं पाच वर्षं सांगत होते की सही मुहूर्तावर केली म्हणून आला.

तर तुझं दुःख मला कळतं, पण तोंडी तिकीट हे तिकीट नसतं. आणि आणखी एक, बी फॉर्म एकाला दिल्यावर सुद्धा वेळेच्या आत लेखी कळवून आधीचा रद्द करता येतो, तेव्हा हातात आल्यावर पण तीन वाजेपर्यंत मिसळ खायला जाऊ नये.

शेकापला अध्यक्ष का नसतो? आणि शिवसेनेत अध्यक्षाऐवजी प्रमुख का?
— शाळेचा निवृत्त शिक्षक, भुदरगड

गुरुजी, शेकाप म्हणजे शेतकरी कामगार पक्ष, डाव्या वळणाचा, आणि डाव्या पक्षांत मुख्य माणूस सरचिटणीस, मग तो भाकप असो, माकप असो की शेकाप. त्यांची कल्पना अशी की निर्णय समितीनं घ्यायचा आणि चिटणीसानं तो राबवायचा. आपल्याकडं शेकापच्या एन. डी. पाटील सरांचं नाव घेताना पदाची आठवण कुणाला होत नाही, सर म्हटलं की झालं. शिवसेनेत शाखाप्रमुख, विभागप्रमुख, जिल्हाप्रमुख आणि वर शिवसेनाप्रमुख, १९६६ पासून रचनाच फौजेसारखी, तिथं अध्यक्ष शब्द मवाळ वाटला असणार. आम आदमी पक्षात तर राष्ट्रीय संयोजक. नाव काहीही असो, निवडणूक आयोगाच्या कागदावर कोण पदाधिकारी आहे ते महत्त्वाचं. पदाधिकारी बदलले की आयोगाला विनाविलंब कळवा असं त्याच २९अ मध्ये लिहिलंय आणि सगळ्यात जास्त आळस तिथंच होतो.

पक्ष फुटला की दोन्हीकडचे म्हणतात आमचाच अध्यक्ष खरा. आम्ही सामान्य कार्यकर्त्यांनी कुणाचा फोटो बॅनरवर टाकायचा?
— डिजिटल बॅनरचा व्यवसाय, शिवाजी पेठ

तुमच्या धंद्याला २०२२ पासून बरे दिवस आलेत, जुने बॅनर उतरवायचे नि नवे लावायचे. तुमचा प्रश्न चेष्टेचा वाटला तरी सगळ्यात अवघड तोच आहे.

आधी जुनी गोष्ट. १९६९ ला काँग्रेसचे अध्यक्ष होते निजलिंगप्पा आणि पंतप्रधान होत्या इंदिराबाई. नोव्हेंबरात अध्यक्षांनी चक्क पंतप्रधानांनाच पक्षातनं काढून टाकलं. कागदावर अध्यक्षाला अधिकार होता, पण बहुतेक खासदार बाईंच्या मागं गेले आणि बाईंच्या बाजूनं जगजीवनराम अध्यक्ष झाले. एका पक्षाला दोन अध्यक्ष. बैलजोडी हे पक्षाचं चिन्ह कुणाचं ते भांडण सुप्रीम कोर्टापर्यंत गेलं, आणि १९७१ ची निवडणूक इंदिराबाई गाय-वासरावर लढल्या. नियम आधीचाच होता, चिन्हांच्या १९६८ च्या आदेशाचा परिच्छेद १५, पण त्याच्या कसोट्या त्याच भांडणातनं निघाल्या, आयोग बघतो की उद्दिष्ट कोण पाळतंय, घटना कोण पाळतंय आणि बहुमत कुणाकडं आहे. अध्यक्ष कुणाच्या बाजूला आहे हा प्रश्नच त्यात पहिला नाही बघा.

शिवसेनेचं तेच. १७ फेब्रुवारी २०२३ ला आयोगानं नाव नि धनुष्यबाण शिंदे गटाला दिलं. आयोग म्हणाला की २०१८ ची बदललेली घटना आमच्या रेकॉर्डवर नाही, ठाकरे गट म्हणाला आम्ही दिली होती. मग १० जानेवारी २०२४ ला विधानसभा अध्यक्ष नार्वेकर यांनी अपात्रतेच्या निकालात १९९९ ची घटना धरली आणि म्हणाले पक्षप्रमुखाला एकट्याच्या मर्जीनं नेत्याला काढता येत नाही, राष्ट्रीय कार्यकारिणीचं मत लागतं. हे बरोबर की चूक त्यावर चौकात रात्र जाईल, मी त्यात पडत नाही, दोन्ही बाजू पुढं कोर्टात गेल्याच. पण मी कागद सांभाळणारा माणूस, मला त्यातनं एवढंच दिसलं की ज्या घटनेवर अध्यक्षपद उभं असतं ती कपाटात असून चालत नाही, तिकडं पोचल्याची पोहोच पण लागते. २६ वर्षांत माझ्याकडं पोहोच मागणारे साहेब दोनच भेटले.

राष्ट्रवादीत तर फुटीआधी दोनच महिने नाटक झालं होतं. २ मे २०२३ ला पवारसाहेबांनी अध्यक्षपद सोडतो म्हणून जाहीर केलं, सभागृहात लोक रडले, ५ तारखेला राजीनामा मागं घेतला. १० जूनला दोन कार्याध्यक्ष केले, सुप्रियाताई आणि प्रफुल्ल पटेल, आणि २ जुलैला पक्ष फुटला, त्यातले एक कार्याध्यक्ष पलीकडं. ६ फेब्रुवारी २०२४ ला आयोगानं घड्याळ अजितदादांच्या बाजूला दिलं, आणि तिथंही शेवटी मोजलं काय तर आमदार-खासदारांचं बहुमत. ज्यानं १९९९ ला पक्ष काढला तोच अध्यक्ष, तरीही.

आणि दुसऱ्या बाजूनं बघायचं तर सुप्रीम कोर्टानं ११ मे २०२३ च्या निकालात सांगितलंय की व्हिप, म्हणजे सभागृहात पक्षादेश काढणारा प्रतोद, नेमायचा अधिकार राजकीय पक्षाचा, विधिमंडळातल्या पक्षाचा नव्हे. म्हणजे आमदारांनी स्वतःच जमून व्हिप ठरवायचा नाही, पक्षानं ठरवायचा. आता पक्ष म्हणजे कोण म्हटल्यावर परत अध्यक्षापाशी येतो आपण. गोल गोल.

बॅनरचं म्हणाल तर अॅडव्हान्स घ्या आणि गिऱ्हाईक सांगेल तो फोटो टाका.

कारखान्यात चेअरमनवर अविश्वास आणता येतो तसा पक्षाच्या अध्यक्षाला खाली ओढता येतं का? आमचा तालुकाध्यक्ष ११ वर्षं हलला नाही.
— तीन कार्यकर्ते मिळून, राधानगरी

तिघं आहात म्हणजे चौथा फुटला असणार.

बहुतेक पक्षांच्या घटनेत मुदत लिहिलेली असते. आयोगाचंही नोंदणीवेळी म्हणणं असतं की अंतर्गत निवडणुका जास्तीत जास्त पाच वर्षांनी व्हायलाच पाहिजेत अशी तरतूद ठेवा. भाजपमध्ये अध्यक्षाची मुदत तीन वर्षं, ओळीनं दोनदा होता येतं. पण तिथं निवडणूक म्हणजे एकच अर्ज आणि पेढे. काँग्रेसमध्ये २०२२ ला खरोखरची मतमोजणी झाली, खर्गेंना ७८९७ आणि थरूरना १०७२, तीही २२ वर्षांनी. आंध्रात जगन रेड्डींना त्यांच्या पक्षानं तहहयात अध्यक्ष केल्याची बातमी आली तेव्हा २०२२ मध्ये आयोगानं टोकलं की असलं कायमचं पद लोकशाहीत बसत नाही. टोकलं, पण नियम मोडला म्हणून नोंदणी रद्द करायचा अधिकार आयोगाला नाही, २००२ ला सुप्रीम कोर्टानं तसं सांगितलंय. शेजारी पाकिस्तानात बघा, इम्रान खानच्या पक्षानं अंतर्गत निवडणूक नीट घेतली नाही म्हणून जानेवारी २०२४ मध्ये ऐन निवडणुकीत त्यांचं बॅट चिन्हच गेलं. तिथं त्यामागं राजकारण किती नि कायदा किती हे वेगळं बोलू, पण चिन्ह गेलं.

ओढायचं म्हटलं तर ओढता येतं, घटनेत असो नसो. सीताराम केसरी १९९७ ला काँग्रेसच्या अध्यक्षपदी ६२२४ मतं घेऊन निवडून आले होते, आपल्या पवारसाहेबांना हरवून, आणि मार्च १९९८ मध्ये कार्यसमितीनं ठराव करून त्यांना बाजूला केलं. ते म्हणत राहिले मी राजीनामा दिलेलाच नाही. आणि न ओढता सुद्धा काढता येतं. सुभाषबाबू १९३९ ला १५८० विरुद्ध १३७७ मतांनी अध्यक्षपदी निवडून आले, पण त्रिपुरीत ठराव झाला की कार्यसमिती गांधीजींच्या मर्जीनं नेमायची. निवडून आलेल्या अध्यक्षाला स्वतःची माणसं घेता येईनात, एप्रिलमध्ये त्यांनीच राजीनामा दिला.

तुमच्या राधानगरीत मात्र असं काही होणार नाही, कारण तुमच्या मीटिंगा कशा होतात ते मी पाह्यलंय. जिल्ह्याचा निरीक्षक येतो, सतरंजीवर तीसेक माणसं, कुणीतरी उठून म्हणतो की नवीन अध्यक्ष निवडीचे सर्वाधिकार साहेबांना देण्याचा एक ओळीचा ठराव मी मांडतो, दुसरा अनुमोदन देतो, टाळ्या, चहा, बिस्किट, संपलं. त्या ठरावाचं वाक्य मी इतक्या वेळा लिहिलंय की झोपेत पण लिहीन. कधी कधी तर मीटिंगच्या आदल्या रात्रीच लिहून ठेवायचो, फक्त सूचक नि अनुमोदकाची जागा मोकळी. तुम्ही तिघांनी त्या वेळी उठून “आम्हाला मतदान पाहिजे” म्हटलं तर निरीक्षकाकडं त्याचं उत्तर नसतं, मी दोनदा बघितलंय, एकदा मतदान झालं पण. एकदा लाईट गेली.

आणि ११ वर्षं तो का हलला नाही ते पण बघा. आपल्या जिल्ह्यात पक्ष कुठला हे नंतर विचारतात, आधी गट कुठला. तो पक्षाचा अध्यक्ष नसणार, गटाचा असणार. पक्ष बदलला तरी तोच माणूस नव्या पक्षाच्या लेटरहेडवर तालुकाध्यक्ष म्हणून येतो. आमच्या प्रेसवाल्याला तर सवय झाली होती, नाव तेच ठेवायचा, वरचं चिन्ह बदलायचा.

मला महिला आघाडीची शहराध्यक्ष केलंय. पण मुख्य मीटिंगला दुसऱ्या रांगेत खुर्ची, आणि भाषण हळदीकुंकवापुरतं. मुख्य शहराध्यक्ष बाईनं व्हायचं नाही असा काही नियम आहे का?
— मंगळवार पेठ

ताई, नियम कुठंही नाही. काँग्रेसच्या अध्यक्ष अॅनी बेझंट होत्या १९१७ ला, सरोजिनी नायडू १९२५ ला, म्हणजे देशात बायकांना सगळीकडं मत पण नव्हतं तेव्हा. आणि ताराराणीच्या गावात हा प्रश्न विचारायला लागतोय तेच वाईट आहे.

पण दुसरी रांग नियमानं ठरत नाही, ती चटई कोण टाकतं त्यावर ठरते. मी माझ्या कामाच्या अनुभवानं सांगतो. एक, पक्षाची घटना मागून घ्या, छापील प्रत, बहुतेक शहराध्यक्षांनी स्वतः वाचलेली नसते. त्यात बघा की शहर कार्यकारिणीत महिला आघाडीची अध्यक्ष पदसिद्ध सदस्य आहे का, असेल तर तुम्ही पाहुण्या नाही, तुम्हाला मत आहे. दुसरं, मीटिंगला गेलात की प्रोसिडिंगवर सही केल्याशिवाय चहा घेऊ नका, कारण नंतर वाद झाला की कोण हजर होतं ते त्याच पानावरनं ठरतं. देणग्यांचं खजिनदार बघतो, वीस हजारावरच्या देणगीचा अहवाल आयोगाला त्याच्याच नावानं जातो, तेव्हा त्या भानगडीत सुरुवातीलाच पडू नका. आणि हळदीकुंकवाला जी तीनशे बायका येतात त्यांची यादी, वॉर्डवार, फोन नंबरसकट, ती पक्षाला देऊ नका. म्हणजे द्या, पण झेरॉक्स द्या.

राहिली खुर्ची. आमच्या कार्यालयात एक गोदरेजचं कपाट होतं, त्यात लेटरहेड, शिक्का, प्रोसिडिंग बुकं आणि सभासद नोंदणीची पुस्तकं. सहा अध्यक्ष आले नि गेले, प्रत्येकानं आल्या आल्या टेबल बदललं, एकानं एसी लावला, एकानं वास्तुशास्त्रवाला आणून दरवाजा हलवला. कपाटाची किल्ली मागितली फक्त एकानं. तुमच्या कार्यालयात ती कुणाकडं असते ते येत्या मीटिंगला जरा बघून ठेवा.